यंत्रमागापासून बाब-अल-मंदेबपर्यंत

आखाती देशांतल्या काही बँकांकडून येणाऱ्या एलसीमध्ये, म्हणजे मालाच्या पैशाच्या हमीपत्रामध्ये, पूर्वी एक अट हमखास असायची. माल नेणारे जहाज वाटेत इस्रायलच्या कोणत्याही बंदराला लागणार नाही, असा जहाज कंपनीचा दाखला कागदपत्रांना जोडावा लागे. दाखला नसला की बँक कागद परत करी आणि पैसे अडकत. सोलापुरात अक्कलकोट रस्त्यावरच्या एमआयडीसीतल्या एका टॉवेल कारखान्यात मी निर्यातीची कागदपत्रे पाहते. २९ ऑगस्ट २०२० रोजी संयुक्त अरब अमिरातीने इस्रायलवरच्या बहिष्काराचा आपला जुना कायदा रद्द केला. १५ सप्टेंबरला वॉशिंग्टनमध्ये इस्रायलशी संबंध जोडणाऱ्या अब्राहम करारांवर सह्या झाल्या. दुबईच्या एलसींतून ती अट गेली. अर्ध्या शतकाचे वैर मागे पडले, आणि माझ्या फाईलमधला एक कागद कमी झाला.

महासत्तांची धोरणे, लष्करी युती, वादग्रस्त प्रदेशांची सुरक्षितता हे विषय वर्तमानपत्राच्या मधल्या पानावरचे आणि तज्ज्ञांनी चर्चा करण्याचे, असे आपण धरून चालतो. माझ्यापर्यंत ते एखाद्या अटीतून, जहाजभाड्यावरच्या अधिभारातून, कंटेनरला लागलेल्या उशिरातून येतात. या नोकरीत एक गोष्ट मला पक्की कळली. राष्ट्रे आपापले निर्णय घेतात, पण त्यांची किंमत कोण भरणार हे कुठल्याही करारात लिहिलेले नसते. ती किंमत पायऱ्या उतरत खाली येते आणि नगावर मजुरी घेणाऱ्या माणसापाशी थांबते.

ही किंमत खाली कशी उतरते हे कळायला टॉवेल कसा तयार होतो आणि त्याचे पैसे कसे येतात, ते आधी पाहावे लागेल. टेरी टॉवेलच्या लूमला ताण्याचे दोन बीम लागतात. एका बीमचा ताणा घट्ट असतो, त्यातून मूळ कापड विणले जाते. दुसऱ्याचा ताणा सैल सोडलेला असतो, त्यातून पाणी शोषणाऱ्या लुपा उठतात. सोलापुरात सूत आधी रंगवतात आणि मग जकार्डवर नक्षी विणतात. विणलेला ताका कापायचा, कडा शिवायच्या, प्रत्येक नग उलटसुलट करून तपासायचा, घड्या घालून पेटीत भरायचा, ही सारी कामे बहुतेक बाया करतात. लूम चालवणारे पुष्कळसे पद्मशाली समाजातले आहेत. त्यांचे पूर्वज तेलंगणातून विणकामासाठी इथे आले. घरात तेलुगू, बाजारात मराठी. नवरा लूमवर, बायको घरी विड्या वळते, अशी कितीतरी कुटुंबे शहराच्या पूर्व भागात आहेत. माझे वडील गिरणीत होते. गिरण्या एकामागून एक बंद पडल्या आणि सोलापूर यंत्रमागावर जगायला शिकले. चादर आणि टेरी टॉवेल या दोन्हींना पुढे भौगोलिक मानांकन मिळाले.

ऑर्डर आली की कारखानदार बँकेकडून पॅकिंग क्रेडिट उचलतो. त्या कर्जातून सूत, रंग, मजुरी भागते. कंटेनर ट्रकवर चढून पुणेमार्गे न्हावा शेवाला जातो. सोलापूरपासून ते बंदर रस्त्याने सुमारे चारशे किलोमीटरवर. माल जहाजावर चढला की त्याची पावती, म्हणजे बिल ऑफ लेडिंग, हातात येते, ते बँकेत जाते आणि ठरलेल्या मुदतीनंतर पैसे येतात. पैसे येईपर्यंत व्याज दिवसाला चढत राहते. मोठ्या कंपनीला पंधरा दिवसांचा उशीर सोसतो. चाळीस-पन्नास लूमच्या कारखान्याला तेवढ्या दिवसांत पुढच्या सुताचे पैसे उभे करता येत नाहीत. सूत नाही म्हणजे बीम नाही, बीम नाही म्हणजे लूम उभा. आणि लूम उभा राहिला की विणकराला त्या दिवसाची मजुरी मिळत नाही.

१९ नोव्हेंबर २०२३ रोजी येमेनच्या हुती गटाने तांबड्या समुद्रात गॅलक्सी लीडर हे जहाज हेलिकॉप्टरमधून माणसे उतरवून ताब्यात घेतले. डिसेंबरच्या मध्याला मोठ्या कंटेनर कंपन्यांनी सुएझ कालव्याची वाट सोडायला सुरुवात केली. युरोपकडे जाणारी जहाजे आफ्रिकेला वळसा घालून केप ऑफ गुड होपमार्गे जाऊ लागली. प्रवास दहा ते चौदा दिवसांनी वाढला. जहाज उशिरा पोहोचते म्हणजे रिकामा कंटेनरही उशिरा परत येतो. त्यामुळे न्हावा शेवाला रिकामे कंटेनर मिळेनात. युरोपचे भाडे काही आठवड्यांत दुपटीच्याही वर गेले. आमचा बराचसा माल एफओबी तत्त्वावर जातो, म्हणजे भाडे खरेदीदार भरतो. कागदावर तोटा त्याचा. पण पुढची ऑर्डर देताना त्याने तेवढी सूट मागितली आणि मालकांना ती द्यावी लागली.

सागरी विम्याच्या साध्या पॉलिसीत युद्धाची जोखीम धरलेली नसते, हे पुष्कळांना ठाऊक नसते. ती वेगळी घ्यावी लागते आणि विमा कंपनी सात दिवसांची सूचना देऊन ती काढूनही घेऊ शकते. जगातले कोणते समुद्र धोक्याचे, याची यादी लंडनमधल्या विमा व्यवसायाची एक समिती ठेवते. त्या डिसेंबरमध्ये तिने तांबड्या समुद्रातली धोक्याची हद्द वाढवली. त्या यादीत एक ओळ वाढली की जगभरच्या कारखान्यांचे हप्ते बदलतात. आमच्याकडे दोन पाळ्यांची काही काळ एकच झाली. “ताई, जहाज अडलंय तिकडं, मग आमचा लूम कशाला बंद?” असे एका विणकराने मला विचारले. मी नकाशा काढून त्याला एडनचे आखात, बाब-अल-मंदेब आणि सुएझ दाखवले. तेव्हापासून तो नकाशा कार्यालयाच्या भिंतीवरच लावलेला आहे.

बाब-अल-मंदेब ही सुमारे तीस किलोमीटर रुंदीची चिंचोळी वाट. तिच्या पलीकडच्या काठावर जिबुतीत अमेरिका, फ्रान्स, जपान आणि इटली यांचे तळ आहेत. चीननेही परदेशातला आपला पहिला लष्करी तळ २०१७ साली तिथेच उभारला. इतकी आरमारे जवळ असताना ड्रोन आणि क्षेपणास्त्रे बाळगणाऱ्या एका गटाने जगाचा व्यापार वळवून दाखवला. मार्च २०१५ पासून सौदी अरेबियाच्या आघाडीने या गटाशी युद्ध केले होते. मार्च २०२३ मध्ये चीनच्या मध्यस्थीने इराण आणि सौदीचे संबंध पुन्हा जुळले. सप्टेंबर २०२३ मध्ये दिल्लीच्या जी-२० परिषदेत भारत, आखात, इस्रायल आणि युरोप यांना जोडणाऱ्या नव्या व्यापारमार्गाची घोषणा झाली. तेव्हा आमच्या कार्यालयात सगळ्यांना आनंद झाला होता. चार आठवड्यांत, ७ ऑक्टोबरला, हमासने इस्रायलवर हल्ला केला, गाझात युद्ध पेटले आणि ती योजना मागे पडली. प्रदेशातल्या मूळ भांडणाला हात न घालता केवळ रस्ते आणि रेल्वे जोडून शांतता येत नाही, हे त्या चार आठवड्यांनी दाखवले.

जिल्ह्यातल्या शेतकऱ्यांनाही याची झळ बसली. टॉवेल पंधरा दिवस उशिरा पोहोचला तरी टॉवेलच राहतो. द्राक्षाचे तसे नाही. २०२४ च्या हंगामात युरोपला जाणारी द्राक्षे शीत कंटेनरमधून आफ्रिकेला वळसा घालून गेली. टेंभुर्णी-कंदर पट्ट्यातली केळी आखाताकडे जातात, त्यांची वाट होर्मुझच्या सामुद्रधुनीवर अवलंबून. जून २०२५ मध्ये इस्रायल-इराण युद्धाचे बारा दिवस गेले, अमेरिकेने इराणच्या अणुकेंद्रांवर बॉम्ब टाकले आणि इराणच्या संसदेने होर्मुझ बंद करण्याच्या बाजूने कौल दिला. सामुद्रधुनी तेव्हा प्रत्यक्षात बंद झाली नाही. तरीही त्या बारा दिवसांत निर्यातदारांची चिंता किती वाढली होती हे मी फोनवर ऐकले आहे. जगात रोज खपणाऱ्या तेलाचा सुमारे पाचवा हिस्सा तेव्हा त्या वाटेने जात होता. बंदची नुसती चर्चा झाली तरी भाव हलतात.

मित्रराष्ट्रांतले भांडणही तितकेच महाग पडू शकते, हे मी २०१७ मध्ये पाहिले. ५ जूनला सौदी अरेबिया, अमिराती, बहारीन आणि इजिप्त यांनी कतारशी संबंध तोडले. अमेरिकेचे आखातातले सगळ्यात मोठे हवाई केंद्र कतारमध्ये, आरमाराचे मुख्यालय बहारीनमध्ये. दोन्ही देश एकाच महासत्तेच्या छत्राखाली असूनही एकमेकांची दारे बंद करून बसले. दोह्याला जाणारा माल तोवर दुबईच्या जेबेल अलीला उतरून पुढे जाई. ती वाट एका दिवसात बंद झाली. रमजान सुरू होता, हॉटेलांची मागणी चढलेली होती आणि आमच्या पेट्या अमिरातीच्या बंदरात पडून होत्या. त्या ओमानच्या सोहार बंदरातून वळवायच्या म्हणजे नवे कागद, नवे भाडे, बँकेची नवी परवानगी. पुढे भारतातून कतारच्या हमाद बंदराला थेट जहाजे सुरू झाली आणि प्रश्न सुटला. जानेवारी २०२१ मध्ये ती कोंडी अधिकृतपणे संपली. त्या अनुभवानंतर एकाच बंदरावर सगळा भार टाकायचा नाही, असा नियम आमच्या मालकांनी केला.

युद्ध निदान बातम्यांत दिसते. युतीचे बक्षीस शुल्काच्या तक्त्यात जाऊन बसते आणि फार थोड्यांच्या लक्षात येते. सप्टेंबर २००१ नंतर अफगाणिस्तानच्या युद्धात पाश्चिमात्य देशांना पाकिस्तानची गरज होती. १ जानेवारी २००२ पासून युरोपीय संघाने पाकिस्तानला एका विशेष व्यापार सवलतीत घेतले. अमली पदार्थांविरुद्ध लढणाऱ्या देशांसाठीची ती योजना होती आणि तोवर तिचा लाभ मुख्यतः लॅटिन अमेरिकेतल्या देशांना होता. पाकिस्तानचे कापड शुल्काविना युरोपात जाऊ लागले, आपल्यावर शुल्क राहिले. भारताने जागतिक व्यापार संघटनेत दाद मागितली आणि एप्रिल २००४ मध्ये अपील मंडळाचा निकाल भारताच्या बाजूने लागला. युरोपने योजना बदलून जीएसपी प्लस आणली. मानवी हक्क, कामगार, पर्यावरण यांविषयीच्या आंतरराष्ट्रीय करारांच्या अटी घालून आणलेल्या या योजनेत १ जानेवारी २०१४ पासून पाकिस्तान पुन्हा आला. कराची आणि फैसलाबाद ही टॉवेलची मोठी केंद्रे. जर्मनीतल्या दुकानात आमचा आणि त्यांचा टॉवेल शेजारी ठेवला तर वीण आमची सरस, असे मी अभिमानाने सांगेन. पण शुल्काचा फरक विणीने भरून निघत नाही. काबूलच्या युद्धाचा हिशेब मला युरोपच्या प्रत्येक चौकशीत दिसत आला आहे.

ऑगस्ट २०२५ मध्ये हाच प्रकार उलट्या बाजूने आला. अमेरिकेने ७ ऑगस्टपासून भारतीय मालावर २५ टक्के शुल्क लावले आणि रशियाचे तेल घेतो म्हणून २७ ऑगस्टपासून आणखी २५ टक्के वाढवले. त्याच महिन्यात पाकिस्तानवर १९, बांगलादेशावर २० आणि तुर्कस्तानावर १५ टक्के शुल्क होते. टॉवेलच्या बाजारात हे तिन्ही आपले थेट स्पर्धक. युक्रेनच्या युद्धात रशियाची कोंडी करायची म्हणून अमेरिकेने उगारलेले हत्यार सोलापूर, पानिपत आणि करूरच्या लूमवर पडले. अमेरिकेच्या खरेदीदारांचे निरोप सारखेच होते: तयार माल धरून ठेवा, नवा विणू नका, निम्मे शुल्क तुम्ही सोसा.

याच ठिकाणी मला सगळ्यात जास्त बोलायचे आहे. रशियाचे तेल घेण्याचा निर्णय मला चूक वाटत नाही. आपल्या देशाने तेल कुठून घ्यावे हे दुसऱ्या राजधानीत ठरू नये, असे मला मनापासून वाटते. पण स्वस्त तेलाचा लाभ ज्या शुद्धीकरण कंपन्यांना झाला त्या वेगळ्या, आणि त्याचे शुल्क भरणारे टॉवेलवाले, कोळंबीवाले, गालिचेवाले वेगळे. निर्णय राष्ट्राचा, लाभ काहींचा आणि भार भलत्यांवर. उपाययोजना झाली नाही असे नाही. केंद्राने कापसावरचे ११ टक्के आयात शुल्क ऑगस्ट ते डिसेंबर २०२५ या काळासाठी उठवले, नोव्हेंबरमध्ये निर्यातदारांसाठी २०,००० कोटी रुपयांपर्यंतच्या कर्जहमीची योजना मंजूर केली. कर्जहमी उपयोगी आहे. पण कापसाचे शुल्क उठवल्याने सूतगिरणीला दिलासा मिळाला तो विदर्भ-मराठवाड्यातल्या कापूस उत्पादकाच्या भावावर दाब आणून. म्हणजे भार विणकराच्या खांद्यावरून उचलून शेतकऱ्याच्या खांद्यावर ठेवला. ही न्याय्य वाटणी नव्हे.

चीनचा विषय सोलापुरात वेगळ्या ओलाव्याने निघतो, कारण डॉ. द्वारकानाथ कोटणीस आमच्या गावचे. जपानी आक्रमणाशी लढणाऱ्या चीनला भारताने १९३८ साली वैद्यकीय पथक पाठवले, त्यात ते गेले. रणांगणावर जखमींची सेवा करता करता ९ डिसेंबर १९४२ रोजी, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी तिथेच वारले. त्यांच्या राहत्या घराचे स्मारक झाले आहे. आमच्याकडे रॅपिअर लूम बसवायला आलेल्या चिनी तंत्रज्ञाने पहिल्या सुट्टीच्या दिवशी तेच घर पाहण्याची इच्छा सांगितली. तिथे तो बराच वेळ उभा होता. जून २०२० मध्ये गलवानला आपले वीस जवान हुतात्मा झाले. त्यानंतर बंदरांवर चिनी मालाची कसून तपासणी सुरू झाली, तंत्रज्ञांचे व्हिसा दुर्मीळ झाले. आमच्या लूमचे सुटे भाग उशिरा आले आणि बिघडलेली यंत्रे आमच्याच फिटरनी डोके लावून सुरू केली. सीमेवर जवान प्राण देत असताना यंत्राच्या भागांची तक्रार करणे मला शोभणारे नव्हते आणि मी ती केली नाही. पण ज्या शेजाऱ्याशी सीमेवर तंटा आहे त्याच्याच यंत्रावर आणि रसायनांवर आपला धंदा उभा असेल, तर ती सुरक्षिततेतलीही उणीव आहे. ती भरून काढायला सुरत, कोइमतूर, इचलकरंजी इथले यंत्रकारागीर उभे करावे लागतील. नुसत्या बहिष्काराच्या घोषणांनी लूम विणत नाही.

मग आपण कुठल्यातरी एका गटात जाऊन बसावे का? माझे उत्तर नाही असे आहे, आणि ते अनुभवातून आलेले आहे. डिसेंबर २०२३ मध्ये अमेरिकेने तांबड्या समुद्रासाठी बहुराष्ट्रीय आरमारी मोहीम जाहीर केली. भारत तिच्यात सामील झाला नाही, पण हात बांधूनही बसला नाही. २३ डिसेंबरला गुजरातच्या किनाऱ्यापासून काहीशे किलोमीटरवर केम प्लुटो या टँकरवर ड्रोन आदळला. त्यानंतर नौदलाने अरबी समुद्रात आणि एडनच्या आखाताजवळ दहाहून अधिक युद्धनौका पाठवल्या. मार्च २०२४ मध्ये आयएनएस कोलकाताने रुएन हे अपहृत जहाज सोडवले, सतरा खलाशांची सुटका केली आणि ३५ चाचांना पकडून मुंबईत आणले. ज्यांची सुटका झाली ते कोणत्या देशाचे, हे आधी विचारले गेले नाही. आज माझ्या टेबलावर दुबई, दोहा, हैफा आणि जेद्दा यांचे कागद एकमेकांशेजारी असतात. कुणाच्याही भांडणात पक्षकार न झाल्यामुळे ही दारे उघडी आहेत. गटात सामील न होण्याची किंमत ५० टक्के शुल्काच्या रूपाने आली, हेही खरे. स्वातंत्र्याला किंमत असते. ती देशाने मिळून भरावी, एवढेच माझे म्हणणे आहे.

त्यासाठी काही गोष्टी करता येण्याजोग्या आहेत. युद्ध किंवा निर्बंध यांमुळे माल अडला तर लहान कारखान्याच्या पॅकिंग क्रेडिटची मुदत आपोआप वाढावी, अर्ज करत फिरावे लागू नये. त्या काळात लूम बंद राहिले तर नगावर काम करणाऱ्याला निदान किमान वेतनाचा आधार मिळावा. आज तो कारखानदाराच्या चांगुलपणावर अवलंबून आहे. युद्धजोखमीचा विमा लहान निर्यातदारांना सामूहिकरीत्या घेता यावा. मोठ्या घराण्यांना लंडनचे दर कमी करून घेता येतात, पन्नास लूमवाल्याचे तिथे कोण ऐकणार?

काही कामे मात्र सरकारची नाहीत, आपली आहेत. आमच्या शहरात विद्यापीठ आहे, वाणिज्य महाविद्यालये आहेत. निर्यातीची कागदपत्रे शिकवताना त्याच वर्गात होर्मुझ, मलाक्का, सुएझ आणि बाब-अल-मंदेबचा नकाशाही शिकवा. जीएसपी प्लस म्हणजे काय, निर्बंध कोण लावतो, एफओबी आणि सीआयएफमध्ये जोखीम कुणाकडे जाते, हे बी.कॉम.च्या मुलीला नोकरीला लागण्यापूर्वी ठाऊक असावे. कारखानदारांनी एका देशाच्या ऑर्डरवर सगळे लूम लावू नयेत, कितीही चांगला भाव आला तरी. आणि विणकरांच्या संघटनांनी मजुरीच्या वाटाघाटीत विचारावे की जहाज अडले तर आमचे काय. तो प्रश्न परराष्ट्र धोरणाचाच आहे. तो विचारण्याचा पहिला हक्क लूमवर उभ्या असलेल्या माणसाचा आहे.